खाणीतला वाटा आणि पटावरची पैज

तुमसर तालुक्यात डोंगरी बुजुर्ग नावाचे गाव आहे. तिथे मँगनीजची उघडी खाण आहे. चिखला येथे दुसरी खाण आहे. ती जमिनीच्या पोटात आहे. या खाणींतून काळा, जड दगड निघतो. लोखंडाचे पोलाद करताना तो लागतो. डोंगरीचा काही माल बॅटरीच्या सेलमध्येही जातो. तुमच्यापैकी कोणाचे वडील, कोणाचा काका या खाणीत कामाला गेला असेल.

आता एक प्रश्न विचारतो. ही खाण कोणाची?

कोणी म्हणेल, सरकारची. हे बरोबर आहे, पण पुरते बरोबर नाही. खाण चालवणाऱ्या कंपनीचे नाव मॉइल. तिची मोठी कचेरी नागपूरला आहे. पूर्वी ही सगळी कंपनी सरकारचीच होती. २०१० साली सरकारने ठरवले की यातला पाचवा हिस्सा लोकांना विकायचा. त्या हिश्शाचे लहान लहान तुकडे केले. एका तुकड्याची किंमत ठरली ३७५ रुपये. थोडे घेणाऱ्या सामान्य माणसाला त्यातही शेकडा ५ सूट दिली. ज्याने पैसे भरले आणि ज्याला तुकडा मिळाला, तो त्या खाणीचा अगदी बारीकसा का होईना, पण मालक झाला. या तुकड्यालाच शेअर म्हणतात. आपल्या मराठीत वाटा म्हणा, हिस्सा म्हणा.

आजही त्या कंपनीत निम्म्याहून थोडा जास्त वाटा दिल्लीच्या सरकारचा आहे. थोडा महाराष्ट्र सरकारचा, थोडा मध्य प्रदेश सरकारचा. बाकीचा लोकांचा आणि निरनिराळ्या संस्थांचा. म्हणजे डोंगरीच्या दगडाचा मालक सुरतेला बसलेला असू शकतो आणि त्याने डोंगरी कधी पाहिलेलीही नसेल!

शेअर हा शब्द हल्ली गावोगाव ऐकू येतो. पानठेल्यावर दोन पोरे मोबाइलात डोके घालून बसलेली असतात. एक विचारतो, "काय गा, आज किती निघाले?" दुसरा म्हणतो, "आज गेले, उद्या काढतो." काय निघाले, काय गेले, आणि कुठून काढणार, हे घरच्या म्हाताऱ्यांना उमगत नाही. बायकांना तर कोणी सांगतच नाही. वर्गात हा प्रश्न हमखास निघतो. म्हणून हा धडा जरा सावकाश वाचू या.

वाटा म्हणजे काय

समजा, गावातल्या दहा जणांनी मिळून धानाची मळणी करायचे यंत्र घेतले. किंमत दोन लाख रुपये. प्रत्येकाने वीस हजार घातले. हंगामात यंत्र भाड्याने फिरले. डिझेल, ड्रायव्हर, दुरुस्ती जाऊन चाळीस हजार उरले. दहा जणांनी चार-चार हजार वाटून घेतले. कंपनीत असेच होते. नफ्यातून वाटेकऱ्याला जे मिळते, त्याला लाभांश म्हणतात. नफा झाला नाही तर लाभांश नाही. कोणी हमी दिलेली नसते. बँकेतल्या ठेवीचे व्याज आणि लाभांश यांत हाच फरक आहे.

आता त्या दहांपैकी एकाच्या घरी लग्न निघाले. त्याला आपला वाटा विकायचा आहे. तो किती घेईल? त्याने घातले होते वीस हजार. पण यंत्राला पुढच्या वर्षी खूप काम मिळणार असे लोकांना वाटत असेल, तर कोणी पंचवीसही देईल. उलट शेजारच्या गावात नवे मोठे हार्वेस्टर आले, तर बारा हजारालाही कोणी विचारणार नाही. यंत्र तेच, त्याचे चाक तेच. बदलली ती फक्त लोकांची पुढची अटकळ.

शेअरचा भाव हा असा अटकळीचा भाव असतो. ही गोष्ट नीट ध्यानात घ्या, कारण पुढचे सगळे तिच्यावर उभे आहे.

मॉइलचेच पाहा. १५ डिसेंबर २०१० रोजी तिचा शेअर मुंबईच्या बाजारात खरेदी-विक्रीला आला. पहिल्याच दिवशी भाव ३७५ च्या बराच वर गेला. ज्यांना शेअर मिळाले नव्हते ते हळहळले. काहींनी त्या चढ्या भावात धावत जाऊन घेतले. एक वर्ष झाले. भाव ३७५ च्या पुष्कळ खाली आला आणि त्यानंतरची बरीच वर्षे खालीच राहिला. म्हणून डोंगरीची खाण काही बंद पडली नव्हती. भोंगा रोज वाजत होता. ट्रक रोज भरत होते. पण मँगनीजचा भाव पोलादावर, पोलादाचा भाव जगाच्या बांधकामावर, आणि चीनमध्ये काय चालले आहे त्यावर. इतक्या लांबच्या वाऱ्याने आपल्या खाणीच्या वाट्याचे पान हलते. २०१७ साली कंपनीने प्रत्येक शेअरमागे एक शेअर फुकट दिला. ज्याने धीर धरला होता त्याच्या एकाचे दोन झाले. तसे झाल्यावर एका शेअरचा भाव साहजिकच निम्म्यावर येतो, हेही समजून असावे. एका भाकरीचे दोन तुकडे केले म्हणून भाकरी वाढत नाही.

वडाखालचा बाजार

शेअरचा बाजार काही आज निघालेला नाही. मुंबईत १८५० च्या सुमारास टाउन हॉलसमोर वडाचे झाड होते. त्याच्या सावलीत काही दलाल जमत आणि कंपन्यांचे कागद विकत. पुढे ९ जुलै १८७५ ला त्यांनी आपली संस्था स्थापली. तोच आजचा मुंबई शेअर बाजार. आशियातला तो सर्वांत जुना.

पण संस्था निघण्याच्या दहा वर्षे आधी मुंबईत जे घडले, ते सांगण्यासारखे आहे. त्यात आपल्या वऱ्हाडच्या कापसाचाही हात आहे.

१८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. तिथला कापूस विलायतेच्या गिरण्यांना मिळेना. मग विलायतेने हिंदुस्थानचा कापूस मागेल त्या भावाने उचलला. वऱ्हाड, खानदेश, गुजरात इथला कापूस मुंबईच्या बंदरातून जाऊ लागला आणि मुंबईत पैशाचा पूर आला. इतका पैसा ठेवायचा कुठे? रोज नवी बँक निघू लागली, रोज नवी कंपनी. कोणी समुद्र हटवून जमीन करणार होते. त्यांच्या कंपनीचा पाच हजारांचा शेअर कितीतरी पटींनी वर गेला. जमीन अजून समुद्राखालीच होती! प्रेमचंद रायचंद हे त्या वेळचे सर्वांत मोठे व्यापारी. त्यांनी कंपनीला हात लावला की लोक डोळे मिटून पैसे टाकत. व्यापारी तर होतेच, पण कारकूनही कर्ज काढून त्यात उतरले.

१८६५ मध्ये अमेरिकेतले युद्ध थांबले. कापसाचा भाव कोसळला. १ जुलै १८६५ हा सौदे पुरे करण्याचा दिवस होता. त्या दिवशी पैसे द्यायला कोणाजवळच नव्हते. याने त्याच्याकडे बोट दाखवले, त्याने तिसऱ्याकडे. बँक ऑफ बॉम्बेचा शेअर एकदा २,८५० रुपयांना विकला गेला होता. तो ८७ रुपयांवर आला. प्रेमचंदही बुडाले. त्यांनी चांगल्या दिवसांत विद्यापीठाला दोन लाख रुपये दिले होते. त्या पैशांतून आईच्या नावाने बांधलेला राजाबाई टॉवर मुंबईत आजही उभा आहे. त्या वेळच्या पुष्कळ कंपन्यांची आज नावेही कोणाला ठाऊक नाहीत.

कापसाच्या भावाची आणखी एक औलाद आपल्या ओळखीची आहे. न्यूयॉर्कच्या बाजारात कापूस कितीने उघडला आणि कितीने बंद झाला, हे तारेने मुंबईला कळे. त्या आकड्यांवर मुंबईत लोक पैसे लावीत. १९६० नंतर तारेवरचे ते आकडे बंद झाले. मग लोकांनी मडक्यातून चिठ्ठ्या काढून आकडा काढायला सुरुवात केली. तोच मटका. सट्टापट्टी लावणारे आजही ओपन आणि क्लोज म्हणतात ना? ते शब्द कापसाच्या बाजारातले आहेत. कापूस गेला, आकडा राहिला.

तसाच प्रकार १९९२ साली पुन्हा झाला. हर्षद मेहता नावाच्या दलालाने बँकांचे पैसे गैरमार्गाने बाजारात ओतले. बाजाराचा चढउतार मोजायला सेन्सेक्स नावाचे माप आहे. ते जानेवारीत २,००० च्या आत होते, एप्रिलमध्ये ४,४६७ झाले. एसीसी सिमेंटचा दोनशे रुपयांचा शेअर नऊ हजारांच्या घरात गेला. सिमेंट काही सोन्याचे झाले नव्हते. एप्रिलमध्येच घोटाळा वर्तमानपत्रात आला आणि वर्षभरात सेन्सेक्स निम्म्यावर आला. त्याच वर्षी कायदा करून सेबी या सरकारी संस्थेला अधिकार दिले. बाजारावर लक्ष ठेवणे, हे सेबीचे काम.

बाजार खिशात आला

पूर्वी शेअर घ्यायचा तर दलालाच्या पेढीवर जावे लागे. तो कागदावर मिळे. टपालाने येई. भंडाऱ्याच्या माणसाला नागपूर गाठावे लागे. आता शेअर कागदावर नसतो. पासबुकात पैसे लिहिलेले असतात तसा तो डीमॅट खात्यात लिहिलेला असतो. हे खाते मोबाइलवर, आधार आणि पॅन कार्ड दाखवून, घरबसल्या उघडते. बाजार सकाळी सव्वानऊला उघडतो, दुपारी साडेतीनला मिटतो.

२०२० साली करोना आला. २३ मार्चला सेन्सेक्स एका दिवसात शेकडा १३ घसरला. देश बंद झाला. नागपूर, पुणे, हैदराबादहून पोरे गावी परतली. हातात काम नाही आणि मोबाइल आहे. त्यातच बाजार पुन्हा चढू लागला. त्या दिवसांत जो घेईल त्याला नफा होत होता. मार्च २०२० मध्ये देशात डीमॅट खाती सुमारे ४ कोटी होती, ती २०२५ पर्यंत २० कोटींच्या घरात गेली. (एका माणसाची दोन-तीन खातीही असतात, तेव्हा ही माणसे नव्हेत, खाती.) पाण्याला भरती असताना कोणीही पोहू शकतो असे वाटते. आपल्या वैनगंगेला पूर असताना तसे वाटून घेणाऱ्याचे काय होते, ते तुम्हांला सांगायला नको.

आता मुख्य गोष्ट. बाजारात पैसे लावणारे सगळे एकच काम करत नाहीत. शब्द एकच, "शेअर मार्केट". पण आत निरनिराळे धंदे आहेत.

शंकरपट तुम्ही पाहिला आहे. मध्ये काही वर्षे कोर्टाने तो बंद ठेवला होता, आता नियम घालून चालतो. पटावर दोन तऱ्हेची माणसे असतात. एक जण बैल पाळतो. वर्षभर सरकी-ढेप घालतो. नदीवर नेऊन धुतो. जोडी हरली तरी बैल त्याच्या गोठ्यात परत येतात, वखराला लागतात. दुसरा माणूस काठावर उभा राहून कोणाच्या तरी जोडीवर पैज लावतो. धूळ खाली बसली की त्याच्याजवळ एकतर जास्त पैसे असतात किंवा रिकामा खिसा.

ज्याने चांगल्या कंपनीचा शेअर विचार करून घेतला आणि पाच-दहा वर्षे ठेवला, तो बैल पाळणारा. त्यालाही धोका आहे. कंपनी बुडते. २००९ च्या जानेवारीत सत्यम कंपनीच्या मालकाने हिशेब खोटे होते असे कबूल केले आणि एका दिवसात शेअरचा तीन चतुर्थांश भाव गेला. तरी अनेक कंपन्यांत थोडे थोडे पैसे विभागून जो थांबला, त्याचे पुष्कळदा भले झाले आहे. सेन्सेक्सचे माप १९७८-७९ साली १०० धरले होते. जुलै २०२४ मध्ये ते ८०,००० च्या वर गेले. मध्ये दहा वेळा आपटले. मापातल्या कित्येक कंपन्या बदलल्या. पण थांबणाऱ्याला फळ मिळाले.

सकाळी घ्यायचा आणि साडेतीनच्या आत विकायचा, हा झाला दिवसाचा सौदा. इथे कंपनी काय करते याला महत्त्वच नाही. डोंगरीच्या खाणीतून किती दगड निघतो हे सकाळी दहापासून दुपारी दोनपर्यंत काय बदलणार? बदलते ती फक्त लोकांची घाई. सेबीने २०२२-२३ सालचा हिशेब काढला. असे दिवसाचे सौदे करणाऱ्या दहांपैकी सात जण तोट्यात होते. वर्षात पाचशेपेक्षा जास्त सौदे करणाऱ्यांत तर दहांपैकी आठ. म्हणजे जितका जास्त शहाणपणा चालवला तितके जास्त बुडले.

आणि याच्याही पुढचा प्रकार आहे. गावातली पोरे बहुधा तोच करतात. त्याला ऑप्शन म्हणतात.

विसाराचा सौदा

ऑप्शन हा शब्द अवघड आहे, पण व्यवहार तुमच्या ओळखीचा आहे. बैलबाजारात आपण विसार देतो. समजा, एका जोडीची किंमत आज ६०,००० रुपये आहे. तुम्ही मालकाला १,००० रुपये विसार दिला आणि म्हणालात, "पुढच्या मंगळवारपर्यंत ही जोडी मला ६०,००० ला घ्यायचा हक्क राहील. वाटले तर घेईन, नाही वाटले तर विसार तुझा."

मंगळवारी जोडीचा भाव ६३,००० झाला. तुमचा ३,००० चा फायदा. विसार १,००० वजा केला तरी २,००० हातात. हजाराचे तीन हजार झाले! ही बातमी गावभर होते.

भाव ६०,००० च राहिला, तर तुमचे हजार गेले. भाव उतरला, तरी हजार गेले. आणि भाव चढून ६०,५०० झाला, तर? तुमचा अंदाज बरोबर होता, भाव चढला. पण मिळाले ५०० आणि विसार गेला १,०००. म्हणजे अंदाज बरोबर येऊनही पाचशेचा खड्डा. जोडी मंगळवारी न चढता बुधवारी चढली, तर त्याचा तुम्हांला काही उपयोग नाही. मुदत संपली. नुसते "भाव चढेल" हे कळून भागत नाही. किती चढेल आणि कोणत्या दिवसाच्या आत चढेल, हेही कळावे लागते. मृगाचा पाऊस येणार एवढे सांगणारे पुष्कळ. कोणत्या मंगळवारी किती बोटे येणार, हे सांगणारा दाखवा!

शिवाय या सौद्यात जोडी कोणी घेतच नाही. गोठ्यात बैल येत नाही, शेणही मिळत नाही. फक्त फरकाच्या पैशांची देवघेव होते. काही जण उलट बाजूला बसतात. ते विसार घेतात. रोज थोडे थोडे मिळत राहते. आणि एखाद्या मंगळवारी जोडी ७५,००० वर जाते. तेव्हा हजार घेणाऱ्याला पंधरा हजार मोजावे लागतात.

सेबीने सप्टेंबर २०२४ मध्ये अशा सौद्यांचा तीन वर्षांचा हिशेब जाहीर केला. २०२१-२२ पासून २०२३-२४ पर्यंतचा. एक कोटीहून जास्त सामान्य माणसे यात उतरली होती. शंभरांतल्या ९३ जणांना तोटा झाला. तोटा झालेल्या माणसाचा सरासरी तोटा, खर्च धरून, सुमारे दोन लाख रुपये. खर्च वजा जाता एक लाखाहून जास्त मिळवणारा शंभरांत एक. सगळ्यांचा मिळून तोटा १ लाख ८० हजार कोटींच्या वर गेला.

हे आकडे फार मोठे आहेत, म्हणून आपल्या मापाने मोजू. २०२५-२६ च्या हंगामात साध्या धानाचा आधारभूत भाव क्विंटलला २,३६९ रुपये होता. दोन लाख म्हणजे ८४ क्विंटल धान. पाच एकरांच्या कास्तकाराने आपल्या बांध्या डोळ्यांसमोर आणाव्या. रोवणी, निंदण, कापणी, चुरणी, केंद्रावरची रांग, आणि मग महिनोन्महिने वाट पाहून आलेले चुकारे. सबंध एक हंगाम, मोबाइलच्या काचेवर बोट फिरवून संपला.

हे उतरणारे लोक कोण होते? त्यातही सेबीने डोकावून पाहिले. चारांपैकी तिघांचे वर्षाचे उत्पन्न पाच लाखांच्या आत होते. बहुतेक जण मोठ्या शहरांबाहेरचे. तिशीच्या आतल्या पोरांचे प्रमाण एका वर्षात शंभरात ३१ वरून ४३ वर गेले. सर्वांत जास्त माणसे आपल्या महाराष्ट्रातली. आणि ज्यांना लागोपाठ तोटा झाला, त्यांतले चारांपैकी तीन जण पुन्हा खेळायला आले.

एकाचा तोटा झाला तर पैसे कुठे गेले? हा प्रश्न विचारलाच पाहिजे. ते हवेत विरत नाहीत. बराचसा पैसा मोठ्या पेढ्यांकडे आणि परदेशी संस्थांकडे गेला. त्यांच्याकडे माणूस बसून बटण दाबत नाही. संगणक दाबतो, आणि आपल्या डोळ्याची पापणी लवायच्या आत शेकडो सौदे करतो. पानठेल्यावरचा पोरगा दोन बोटांनी त्याच्याशी लढत असतो. आणि जिंको वा हरो, दर सौद्याला दलाली, बाजाराचा आकार आणि सरकारचा कर द्यावाच लागतो. या खर्चातच त्या तीन वर्षांत लोकांचे सुमारे ५० हजार कोटी रुपये गेले. पटावर कोणतीही जोडी जिंको, तंबूवाल्याचे भाडे ठरलेले असते.

यानंतर सेबीने काही नियम कडक केले. नोव्हेंबर २०२४ पासून अशा सौद्याचे माप मोठे केले, म्हणजे थोड्या पैशांत कोणी सहज उतरू नये. तरी पुढच्या वर्षीही शंभरांतले ९१ तोट्यातच होते.

एवढे कळूनही माणूस थांबत का नाही? आम्हांला वाटते, पहिला नफाच घात करतो. पहिल्या आठवड्यात हजाराचे तीन हजार झाले की माणूस म्हणतो, मला कळते. मग हजार गेले तर म्हणतो, नशीब. नफा झाला तर अक्कल आपली आणि तोटा झाला तर बाजार वाईट! तोटा भरून काढायला तो दुप्पट लावतो. इथे एक साधे गणित आहे. शंभराचे पन्नास व्हायला निम्मे जावे लागतात. पण पन्नासाचे पुन्हा शंभर व्हायला पैसा दुप्पट व्हावा लागतो. उतरणीपेक्षा चढण नेहमी लांब.

आणि पैसे कोणाचे लावले, यावर सगळे आहे. घरखर्च भागून, बियाणे-खत भागून, आजारपणाची सोय करून जे उरतात, ते गेले तर माणूस हळहळेल, पण उद्या शेतावर जाईल. चुकाऱ्याचे पैसे, बायकोने बचत गटातून काढलेले कर्ज, मोबाइलवरच्या ॲपने दिलेले उसने पैसे, हे लावले की गोष्ट वेगळी होते. भाव मंगळवारी पडतो आणि गटाचा हप्ता शुक्रवारी असतो. गटाच्या बैठकीत उत्तर द्यायला तो पोरगा जात नाही. त्याची आई जाते.

ठग आणि डब्बा

इथवर जे सांगितले, तो खरा बाजार. तिथे निदान पैसे कसे गेले याची पावती मिळते. त्याच्या सावलीत खोटा बाजारही आहे.

एक प्रकार मोबाइलवर येतो. कोणी अनोळखी माणूस तुम्हांला व्हॉट्सॲपच्या किंवा टेलिग्रामच्या गटात घालतो. तिथे एक "सर" असतात. रोज सांगतात, हे घ्या, ते विका. गटातले पंचवीस जण "सर, धन्यवाद, आज चाळीस हजार मिळाले" असे लिहितात. ते पंचवीसही त्याच टोळीचे असतात. मग ते एक ॲप घ्यायला सांगतात. त्यात तुमच्या पाच हजारांचे पन्नास हजार झालेले दिसतात. नुसते दिसतात. काढायला गेलात की म्हणतात, आधी कर भरा. कर भरलात की म्हणतात, आणखी भरा. अशा वेळी लाज धरून बसू नका. १९३० या सरकारी क्रमांकावर लगेच फोन करा. पहिल्या काही तासांत कळवले तर पैसे मध्येच अडवता येण्याची आशा असते.

दुसरा प्रकार डब्ब्याचा. डब्बा चालवणारा म्हणतो, खाते नको, पॅन नको, माझ्याकडे रोखीने लाव. तो तुमचा सौदा बाजारात नेतच नाही. वहीत लिहितो. तुम्ही हरलात तर पैसे त्याचे. तुम्ही फार जिंकलात तर तो दुकान बंद करतो. हा कायद्याने गुन्हा आहे. कोर्टातही तुमची बाजू उभी राहत नाही. मटक्याचा हा शिकलेला भाऊ.

दलाल खरा की खोटा हे कळायला सोपी खूण आहे. त्याचे नाव सेबीच्या यादीत असते. यादी सेबीच्या संकेतस्थळावर कोणालाही पाहता येते. पोराला म्हणा, "दाखव रे नाव." सेबीचा फुकट फोन आहे, १८०० २६६ ७५७५. मराठीतही बोलतात. "महिन्याला शेकडा दहा पक्के देतो" असे जो म्हणेल, त्याला तर यादीत शोधायचीही गरज नाही. शेअरमध्ये पक्के काही देता येत नाही. तशी हमी देणे नियमाविरुद्ध आहे. आणि दुसऱ्या कोणाला आपल्या नावाचे खाते भाड्याने देऊ नका. पोलीस दारात येतात ते खाते ज्याच्या नावावर त्याच्या.

पेटीतले कागद

जाता जाता एक उपयोगाची गोष्ट. काही घरांत आजोबांच्या पेटीत शेअरचे जुने कागद सापडतात. कोणी गिरणीचे घेतलेले असतात, कोणी सिमेंटचे. ते रद्दीत देऊ नका. कंपनी चालू असेल, किंवा दुसऱ्या कंपनीत मिळाली असेल, तर त्यांना मोल असू शकते. १ एप्रिल २०१९ पासून कागदावरचा शेअर तसाच विकता येत नाही. आधी तो डीमॅट खात्यात घ्यावा लागतो. आजोबा वारले असतील तर वारसाच्या नावाने करता येतो. मृत्यूचा दाखला, वारसाचे कागद, आणि कंपनीने नेमलेल्या कचेरीकडे अर्ज, एवढे लागते.

लाभांश सात वर्षे कोणी घेतलाच नाही, तर तो लाभांश आणि ते शेअर सरकारच्या एका निधीत जमा होतात. तिथून ते खऱ्या वारसाला परत मागता येतात. त्या निधीच्या अर्जाला सरकार पैसे घेत नाही. "मी काढून देतो, निम्मे माझे" म्हणणारे लोक फिरतात. त्यांच्या कागदावर सही करण्याआधी तालुक्याच्या गावी एखाद्या वकिलाला किंवा हिशेबनिसाला तो कागद वाचायला द्या. आता तुम्हांला स्वतःलाही वाचता येते. कंपनीचे नाव, शेअरांची संख्या, फोलिओ क्रमांक आणि आजोबांचे नाव, या चार गोष्टी त्या कागदावर शोधा आणि वहीत उतरवून घ्या.